एक हाताचा, एक मशीनचा

आमच्या मोठ्या काकांचे पुढचे दोन दात एका कवळीने पाडले. कवळी त्यांची नव्हती, कुणा अनोळखी आजोबांची होती. काका ती पॉलिशच्या चाकावर घासत होते. चाकाला तिची कड नको तिथे लागली, चाकाने ती हातातून हिसकावून घेतली आणि सरळ त्यांच्या तोंडावर भिरकावली. चौदा दातांनी मिळून दोघांना गाठून मारलं म्हणायचं. कवळीला साधा ओरखडाही नाही.

मी तेव्हा जिन्यात होते. आम्ही वर राहतो, काका-काकू खाली, आणि खालचीच रस्त्याकडची खोली म्हणजे काकांची दात बनवायची लॅब. आधी खाडकन आवाज झाला, मग चाक नुसतंच फिरत राहिल्याची घरघर, आणि मग काकांचं पहिलं वाक्य. "हे थगळं त्या बाईमुळे." रक्त पुसायच्या आधी दोष कुणाचा ते ठरलं होतं. मला मात्र 'थगळं' हा शब्द मिळाला, आणि पुढचे चार महिने मी तो जपून वापरला.

काकांबद्दल चांगलं काहीतरी लिहावं म्हणून मी बराच वेळ आठवत बसले होते. त्यांचं काम चांगलं आहे, एवढं एकच सापडलं, आणि ते त्यांनी स्वतःच इतक्या वेळा सांगितलंय की माझी गरज उरत नाही.

एकतीस वर्षं ते दुसऱ्यांचे दात बनवतायत आणि एवढ्या वर्षांत त्यांनी एकाही माणसाच्या तोंडात डोकावलेलं नाही. त्या धंद्याची रीतच तशी आहे. डॉक्टर पेशंटच्या जबड्याचं माप घेतात, त्या मापात प्लास्टर ओतून जबड्याचा पांढरा साचा तयार होतो, आणि तो खोक्यात बसून काकांकडे येतो. काका त्यावर दात बनवतात. खोकं परत जातं. माणूस मध्ये कुठेच लागत नाही, आणि काकांना या कामातलं तेच सगळ्यात आवडतं. प्लास्टर शिंकत नाही, घाई करत नाही, उलटून बोलत नाही. लॅबमध्ये एकच स्टूल आहे, ते काकांचं. आलेल्याने उभं राहावं आणि लवकर जावं. कपात चमचा वाजला तरी "घंटा कशाला बडवताय" म्हणतात. हसण्याचा तर विशेष राग. मी कुणाचीही नक्कल करते म्हणून मला माकड म्हणतात. त्यांची केली की माकडाच्या आधी आणखी एक शब्द लागतो, तो इथे लिहीत नाही.

'ती बाई' म्हणजे दोन चौकांपलीकडच्या दातांच्या डॉक्टर. आमच्या घरात त्यांचं नाव 'परत पाठवा'. काकांनीच ठेवलेलं. अकरा वर्षं काकांचं बरंचसं काम त्यांच्याकडचंच, पण गेलेल्या पाच-सहा खोक्यांतलं एक तरी परत यायचं आणि वर रबरबँडमध्ये चिठ्ठी असायची. 'वरचे चार पुन्हा करावेत. पेशंट म्हणतात, बोलताना शीळ वाजते.' किंवा 'रंग उत्तम. पण स म्हणताना हवा जाते. मागची बाजू पाहावी.' काका ती चिठ्ठी बाईंच्या आवाजात काकूला वाचून दाखवायचे. काकांना नक्कल अजिबात येत नाही, त्यांना कानच नाही. त्यांच्या तोंडी बाई, बँकेतला कारकून आणि दारातलं मांजर तिघंही एकाच पट्टीत किंचाळतात. वाचून झालं की चिठ्ठी टेबलावरच्या लोखंडी काट्यात खुपसायची आणि म्हणायचं, "एकतीस वर्षांत माझ्या एका साच्याने शीळ घातलेली नाही."

दीड वर्षापूर्वी बाईंनी मशीन घेतलं. तोंडात छोटा कॅमेरा फिरवायचा, कॉम्प्युटरवर दात आखायचा, मशीन तो एका ठोकळ्यातून कोरून देतं. तेव्हापासून बाईंकडून पुढचे दात यायचे बंद झाले, नुसत्या कवळ्या येतात. पुढच्या दातांसाठी घेतलेली काकांची भट्टी आता आठवड्यातून एकदा तापते, तीही बिघडू नये म्हणून. आणि ज्या कवळीने काकांचं तोंड फोडलं, ती बाईंनीच परत पाठवलेली होती. पॉलिश नीट नाही म्हणून.

आता करायचं काय? काढता-घालता येणारी दोन दातांची पट्टी काकांनी स्वतःच अर्ध्या दिवसात बनवली. पण रागाने बोलताना ती टाळ्यावरून सुटून खटखट वाजायची, म्हणून भांडायच्या आधी ते ती काढून खिशात ठेवायचे. आणि काका दिवसभर भांडतात, त्यामुळे पट्टी दिवसभर खिशातच. शेजारच्या दातांच्या आधाराने पक्का ब्रिज बसवायचा तर ते दोन धडधाकट दात घासून बारीक करावे लागतात. तसले घासलेले खुंट काकांनी प्लास्टरमध्ये हजारो पाहिलेत. "माझे चांगले दात मी कुणाला थोलू देणार नाही," म्हणाले. राहिलं इम्प्लांट. हाडात स्क्रू बसवायचा, हाडाने तो घट्ट धरेपर्यंत तीन-चार महिने थांबायचं, आणि मग त्यावर दात चढवायचा. आमच्या भागात ते करणारी एकच व्यक्ती होती.

"जा आता," काकू म्हणाली. "नाक घरी ठेवून जा म्हणजे झालं."

बाईंसमोर 'थ' म्हणायला काका तयार नव्हते. म्हणून मला नेलं. त्यांनी माझ्या कानात बोलायचं आणि मी ते मोठ्याने सांगायचं, असं ठरलं. शाळेला सुट्टी होती, आणि परीक्षा असती तरी असली संधी मी सोडली नसती.

बाई उंच, चष्मा कपाळावर चढवलेला. त्या बोलतात तेव्हा प्रत्येक शब्द वेगळा ठेवतात, ट्रेमध्ये हत्यारं ठेवावीत तसा. काका खुर्चीत आडवे झाले आणि माझा कान ओढून पुटपुटले. मी सांगितलं, "काका विचारतायत, तुमच्या हातून आजवर किती स्क्रू वाकडे गेलेत."

बाईंनी काकांकडे न बघता मला उत्तर दिलं. "काकांना सांग, स्क्रू एकही नाही. वाकडी माणसं बरीच येऊन गेली."

मी काकांना सांगितलं. ते हाताच्या अंतरावर होते, पण रीत ती रीत.

स्क्रू बसवले त्या दिवशी काका संध्याकाळपर्यंत गप्प होते, कारण ओठ बधिर होता. ते इंजेक्शन घरी ठेवायला मिळतं का, हे विचारून ये असं काकूने मला सांगितलं. पुढचे तीन महिने मी 'थकाळ', 'थाबण', 'थरक माकडा' अशी माळ ओवली. काकांनी दोनदा माझ्यामागे चप्पल भिरकावली. नेम चुकला, दोन्ही वेळा.

हाडाने स्क्रू धरले आणि खरं भांडण तेव्हा सुरू झालं. बाई म्हणाल्या, दोन्ही दात माझ्या मशीनमधून येतील, मी बसवणार म्हणजे जबाबदारी माझी. काकांनी माझ्या कानातून कळवलं की ज्या तोंडाने एकतीस वर्षं दात बनवण्याबद्दल लोकांना अक्कल शिकवली, त्या तोंडात यंत्राने कोरलेला ठोकळा बसणार नाही. हे तीन भेटी चाललं. माझा कान ओला व्हायचा. शेवटी बाईंनी चष्मा डोळ्यांवर घेतला.

"एक तुमचा, एक माझा. शेजारी शेजारी लावू. पंधरा दिवस दात धरणारे छोटे स्क्रू कायमचे पिळणार नाही, तोवर पुढच्या दातांनी काही तोडायचं नाही. तुमचा सरस ठरला तर दोन्ही तुमचे, आणि माझ्याकडचे पुढचे दात पुन्हा तुमच्याकडे येतील. माझा ठरला, तर कवळ्या करायच्या आणि माझ्या चिठ्ठीवर पुन्हा भांडायचं नाही."

या वेळी काकांनी माझा कान वापरला नाही. "चालेल," म्हणाले.

दात करायला त्यांनी आठ दिवस घेतले. शिकत असताना स्वतःच्याच जबड्याचा काढलेला एक साचा वरच्या फळीवर पिवळा पडत पडला होता, तो खाली काढला. मूळ दाताचा एक कोपरा जरासा आत वळलेला होता, तो तसाच धरला. पोर्सिलेनची पूड कालवून ब्रशने थरावर थर चढवायचा, ब्रशचं टोक जिभेवर ओलं करून बारीक करायचं, भट्टीत घालायचं, काढून खिडकीशी न्यायचं, अकराच्या उजेडात, आरशात, तोंडातल्या शेजारच्या दाताशी ताडून बघायचं, शिवी द्यायची, पुन्हा. शेजारच्या दातावर चहाने पिवळी पडलेली केसाएवढी रेघ होती. तीही त्यांनी नव्या दातात काढली. मी दारातून म्हटलं, मागची बाजू फारच जाड दिसतेय. "हाताचं काम दणकट अथतं," म्हणाले, "आणि मागून कोण बघायला येतंय? तू? थरक."

दात मात्र सुंदर झाला होता. हे लिहिताना माझा हात दुखतो.

बाईंनी दोन्ही दात बसवले आणि आरसा दिला. काकांचा दात काकांच्या तोंडात जन्मापासून असावा तसा होता. शेजारी मशीनचा, बाथरूमच्या नव्या फरशीसारखा. बाई बराच वेळ वाकून बघत राहिल्या. मग म्हणाल्या, "दिसायला तुमचा सरस आहे."

"लिहून द्या," काका म्हणाले. चार महिन्यांनी सगळी अक्षरं जागच्या जागी.

बाईंनी चिठ्ठीवर लिहून दिलं. ती चिठ्ठी काट्यात गेली नाही, आरशाच्या कडेला खोचली गेली. पुढचे तीन दिवस काका हसले. कुणी आवडलं म्हणून नव्हे. दुकानदाराला, पोस्टमनला, शेजारणीच्या कुत्र्याला, सगळ्यांना ओठ वर करून दाखवायचे आणि विचारायचे, खोटा कुठला ओळख. सगळे बाईंच्या दाताकडे बोट दाखवायचे. कुत्रा मागे सरकायचा. भट्टीवरची धूळ पुसली गेली, पुडीच्या बाटल्या रंगाप्रमाणे लागल्या.

चौथ्या दिवशी सकाळी काका काकूला म्हणाले, "साखर संपली, सांगायचं नाही का?" आणि तीन वेळा शीळ वाजली. बारीक, किटली उकळायच्या बेतात असते तशी. मी ते वाक्य होतं तसं परत म्हटलं. काकूच्या नाकातून चहा आला.

"हे काय?" काकांनी विचारलं.

"तुम्ही," मी म्हटलं.

त्यांचा विश्वास बसेना. काकू डोळे पुसत म्हणाली, "अहो, वाजतंय खरं. परवापासून. मला वाटलं खिडकीची फट." काकांनी चारपाच शब्द बोलून पाहिले, त्यांना स्वतःला काही ऐकू येईना. मग एकदम त्यांचा चेहरा उजळला. इतका उजळलेला मी तो कधी पाहिला नव्हता. मशीनचा दात, दुसरं काय. मशीनने कोरलेल्या ठोकळ्यातून हवा निसटत होती. बाईंना आता तोंड लपवायला जागा राहणार नव्हती. "चल माकडा," म्हणाले, "तिच्यासमोर कर."

दवाखान्यात मी केलं. बाईंनी डोळे मिटून ऐकलं, मग काकांना बोलायला लावलं, मग पुन्हा मला. काका खुर्चीत असे पसरले होते की जणू दवाखाना त्यांच्याच नावावर आहे. त्यांनी सांगितलं, तुमचा काढा, म्हणजे कळेल. बाईंनी मशीनचा दात काढला, तिथे प्लास्टिकचा एक तात्पुरता लावला, आणि म्हणाल्या, बोला.

"साठ साचे सरळ सुकले," काका म्हणाले.

शीळ तशीच होती. मी वाक्य परत म्हटलं, शिळेसकट. बाईंनी मशीनचा दात पुन्हा लावला आणि काकांचा काढून त्याच्या जागी प्लास्टिकचा ठेवला.

"साठ साचे सरळ सुकले."

काही नाही. कोरडं, स्वच्छ. नक्कल करायलाही मजा नाही असं. तरी मी केली.

"ही खोटं करतेय," काका म्हणाले. "हिला तुम्ही शिकवलंय."

"हिला तुम्ही आणलंत."

काका माझ्याकडे वळले. "पहिलं कर." मी केलं. "दुसरं." केलं. "पुन्हा पहिलं." एरवी माझ्या तोंडून स्वतःचा एक शब्द ते ऐकून घेत नाहीत. त्या दिवशी त्यांनी आठ वेळा ऐकलं, मान तिरकी करून, खिडकीशी दात धरतात तसं. आठव्यांदा शीळ आली तेव्हा त्यांचा हात आपोआप तोंडावर गेला. मला वाईट वाटायला हवं होतं. आठही वेळा मी शीळ चोख लावली होती.

बाईंनी काकांचा दात तळहातावर पालथा केला. मागून तो चांगलाच फुगलेला होता. "अकरा वर्षं मी चिठ्ठीत काय लिहीत होते?"

"मला वाटलं, खोड काढताय."

"शीळ वाजते म्हणजे शीळ वाजते. त्यात खोड कसली काढायची?" बाई अगदी थंडपणे म्हणाल्या, "प्लास्टर बोलत नाही हो. माणसं बोलतात. आणि मग माझ्याकडे येऊन रडतात."

काकांनी हात पुढे केला. "द्या इकडे. आणि ते घासायचं यंत्र द्या."

मग तिथेच, बाईंच्या दवाखान्यात, बाईंच्या यंत्राने काका त्या दाताची पाठ घासायला बसले. घासायचा, बाईंनी लावायचा, काकांनी साठ साचे सुकवायचे, मी ते परत सुकवायचे, काकांनी ऐकायचं, बाईंनी काढायचा. बाहेर दोन पेशंट गालाला हात लावून बसले होते आणि आतून साठ साचे येत होते, एकदा जाड आवाजात, एकदा माझ्या. चौथ्यांदा शीळ अर्धी झाली. पाचव्यांदा दोऱ्याएवढी उरली. सहाव्यांदा काकांनी दात यंत्राला लावला आणि टिक असा आवाज झाला. दाताचे दोन तुकडे. चहाची रेघ एका तुकड्यावर शाबूत होती.

बाईंनी तुकडे पाहिले. "माझ्याकडे जोडीचा तयार आहे," म्हणाल्या. "वीस मिनिटांत लावते."

प्लास्टिकचा दात पुन्हा लावून घ्यायच्या आधीच काकांनी माझा कान ओढला, पूर्वीसारखा, आणि त्यात बोलले. मी उभी राहून सांगितलं, "काका म्हणतायत, पंधरा दिवथ अजून थंपले नाहीत." थ मी गाळू शकले असते. गाळला नाही.

"काकांना सांग, अकरा उरलेत."

घरी येऊन काकांनी काट्यावरच्या सगळ्या चिठ्ठ्या उपसून टेबलावर पसरल्या. एरवी किंचाळून वाचायचे, त्या दिवशी स्वतःच्या आवाजात, हळू वाचल्या. शीळ, हवा, स आणि च असं काहीही असलेल्या चिठ्ठ्या एका बाजूला, बाकीच्या दुसऱ्या. पहिली चळत एवढी वाढली की काकू म्हणाली, त्यावर डोकं ठेवून झोपता येईल. काका म्हणाले, "गप्प बस." मग निम्म्याहून जास्त दुपार ते त्या चळतीकडे बघत बसले. कुणाकुणाच्या तोंडात आपण किटल्या बसवल्या, ते मोजत असावेत.

नवा दात त्यांनी पहिल्यापासून केला. कोपरा तोच, रेघ तीच, पाठ पातळ. तीन वेळा दवाखान्यात जाऊन तो लावला, बोलून पाहिला, काढून परत आणला, आणि तिन्ही वेळा मला सोबत फरफटत नेलं. एकदा मला ताप होता तरी म्हणाले, ताप घशात आहे का? नाही ना, मग चल. चौदाव्या दिवशी बाईंनी साठ साचे ऐकले, माझ्याकडे पाहिलं, मी केले, आणि त्यांनी काकांचा स्क्रू कायमचा पिळला. मग आपला दात काढून ट्रेमध्ये टाकला. "जोडी दिसत नाही," म्हणाल्या. "दुसराही करून आणा. आणि अभिनंदन वगैरे मी करत नाही."

"मागितलंय कोणी," काका म्हणाले.

दोन आठवड्यांनी, दुसराही दात बसल्यावर, बाईंकडून खोकं आलं. आत एका बाईमाणसाचा वरचा साचा आणि पुढच्या एका दाताची जागा रिकामी. चिठ्ठी नव्हती. काकांनी साचा हातात घेऊन पाच मिनिटं फिरवला, उलटा केला, मागून पाहिला. भट्टीचं बटण दाबायला हात गेला आणि अर्ध्यात थांबला. त्यांनी कागद घेतला, त्यावर लिहिलं आणि खोक्याला रबरबँड लावायच्या आधी ते काकूला बाईंच्या आवाजात वाचून दाखवलं, नेहमीसारखंच मांजराच्या पट्टीत: 'परत पाठवत आहे. बोलणं ऐकल्याशिवाय दात सुरू होणार नाही. पेशंटला समक्ष पाठवावे. सही.'

मी दारात शिळेची वाट बघत उभी होते. एवढे स आले, एकही वाजला नाही. चार महिन्यांचा थ गेला, शीळ गेली, आणि आता काकांच्या बोलण्यात चोरण्यासारखं काही उरलेलं नाही, नुसता राग.

"बघतेस काय, माकडा," काका म्हणाले. "वर जा आणि खुर्ची आण. माणूस येणार आहे, तो काय माझ्या स्टुलावर बसणार?"